नवाबची खांदमळणी

"ह्याचा खांदा कुठं?" लक्ष्मीबाईनं नवऱ्याला विचारलं.

तिच्या हातात हळद-तुपाची वाटी होती. पोळा उद्यावर आला होता. दिराच्या, वैजनाथच्या, दोन्ही बैलांचे खांदे चोळून झाले होते. वर्षभर जू जिथं टेकतं तिथं हळद-तूप लावायचं आणि बैलाला म्हणायचं, 'आज आवतन घ्या, उद्या जेवायला या.' कोंडीबा चोवीस वर्षं पुण्यात, त्यामुळं घरची खांदमळणी तीच करत आली होती. यंदा गोठ्यात तिसरं जनावर होतं आणि त्याच्या मानेवर जू कधी आलंच नव्हतं.

तिसरं जनावर म्हणजे नवाब नावाचा घोडा. कोंडीबा पुण्यात एका बड्या मालकाच्या तबेल्यात साईस होता, घोड्यांची निगा राखायचा. नवाब चार वर्षांचा असताना तिथं आला, तेव्हा साध्या ओंडक्यावरूनही उडी मारायला तयार नसायचा. पुढं अडथळ्यांच्या स्पर्धेत तो चार वेळा देशात पहिला आला. माणसाच्या हनुवटीला लागेल एवढ्या उंच दांडीवरून तो जायचा आणि दांडी हलायची नाही. कप मालकाच्या दिवाणखान्यात राहिले. कोंडीबाच्या वाट्याला एक फोटो आला, त्यात नवाबचा लगाम धरलेला त्याचा हात तेवढा दिसतो. सतराव्या वर्षी नवाब म्हातारा ठरला. मालक म्हणाला, घेऊन जा. कोंडीबा टेम्पोत घालून त्याला गावी, कुरुंद्याला घेऊन आला.

गावाची मात्र पंचाईत झाली. दर दिवाळीला कोंडीबाकडून नवाबच्या उड्या ऐकलेल्या, आणि आता घोडा दारात आला तर तो उडीच मारेना. घोडा हळदीच्या पिकात शिरू नये म्हणून वैजनाथनं गुडघाभर उंचीवर एक दोरी बांधली होती. नवाब दिवसभर त्या दोरीच्या अलीकडं उभा राहायचा. तीन महिने झाले, दोरी ओलांडायचं त्याच्या मनातही आलं नाही. लोकांना आयतंच सापडलं. कोंडीबा दिसला की हॉटेलात कुणी तरी हातातला चहाचा कप डोक्यावर धरून विचारायचा, "एवढी उंच मारतो का रं?" कोंडीबाला ते फार लागायचं. साऱ्या जन्मात त्याच्याकडं सांगण्यासारखी हीच एक गोष्ट होती. चार दिवसांपूर्वी हॉटेलातच तो भडकून म्हणाला, "पोळ्याला या समदे वेशीत. दाखवतो."

"दादा, हे बघ." वैजनाथ लांब बांबू घेऊन गोठ्यात आला. बैलांच्या शिंगांसाठी आणलेल्या रंगातून त्यानं त्यावर लाल-पांढरे पट्टे ओढले होते. तो खुशीत होता. बांबू खांद्यावर टाकून तो नवाबच्या पुढ्यातून गेला, नवाबनं शेपटीनं माशा हाकलल्या. "धर. उंची किती ठिवायची ते सांग."

कोंडीबानं बांबू हातात घेतला.

नवाब झपकन मागं सरला. त्यानं पुढचा उजवा पाय उचलून पोटाशी घेतला. तो टेकवला आणि डावा उचलला. त्याची कातडी थरथरत होती, मानेवर घाम आला होता.

लक्ष्मीबाईची हयात जनावरांत गेली होती. वैजनाथच्या हातात बांबू होता तोवर घोडा गप होता, हे तिनं पाहिलं होतं.

"अवं, हे तुमाला काहून भिऊन राहिलं?"

कोंडीबानं बांबू खाली टाकला. घोड्यानं पाय खाली ठेवला.

"घोडा दांडीवरून जाताना खालून त्याच्या नडगीवर बांबू हाणायचा," कोंडीबा म्हणाला. "त्याला वाटतं दांडीच लागली. मंग पुढच्या टायमाला पाय आनखी वर घेतो. स्पर्धेत बंदी हाय त्याला. तबेल्यात कोण बघतंय?"

"मालक हाणायचा?"

"मालक सांगायचा."

लक्ष्मीबाईनं नवऱ्याकडं पाहिलं. हाच माणूस रोज सकाळी तासभर त्या घोड्याला खरारा करायचा, स्वतः चहा घ्यायच्या आधी त्याला पाणी दाखवायचा. ती रागावली नाही. तिला दोघांचीही कीव आली. तिनं वाटी त्याच्या हातात दिली.

"मग खांदा तिथंच हाय की. लावा तुमीच."

कोंडीबा घोड्याच्या पुढ्यात खाली बसला. एरवी नुसतं बोट लावलं की पाय देणारा नवाब, आज त्यानं पाय काढून घेतला. दुसऱ्यांदाही घेतला. कोंडीबा दोन्ही रिकामे हात उघडे ठेवून तसाच बसून राहिला. मग नवाबनं नाक खाली आणून ते हात हुंगले आणि पाय तिथंच राहू दिला. केसांखाली हाडावर टेंगळं होती. कोंडीबाला ती शोधावी लागली नाहीत. एकेका टेंगळावर तो हळद-तूप चोळत गेला, डाव्या पायाला, मग उजव्या.

"आज आवतन घ्या," तो म्हणाला, आणि पुन्हा वाटीत बोटं बुडवली.

"उद्या जेवायला या," लक्ष्मीबाईनं पुरं केलं.

वैजनाथ पट्ट्यांच्या बांबूकडं बघत उभा होता. "दादा, पर उद्याचं काय? सारं गाव येनार हाय वेशीत. म्या लोकायला काय सांगू?"

कोंडीबानं वर पाहिलं नाही. पिवळे झालेले हात त्यानं नवाबच्या पायांवरून काढले नाहीत.

"सांग, कोंडीबा थापाड्या हाय. त्याच्या घोड्यानं जल्मात कधी उडी मारली न्हाई."