पांथरीचा जुना शब्द

“भाऊ, उद्या आमच्या अंजनीचा नंबर तुमच्याकडेच लागला तर पोरीला सांभाळून घेजा,” शेजारच्या सुमनबाई दारातूनच म्हणाल्या.

“ते सोडून काही बी मागा, सुमनबाई,” नारायणराव म्हणाले. “परीक्षेच्या दिवशी मी कोणाचा भाऊ नाही अन् कोणाचा काका नाही.”

कांचघर मोहल्ल्यातल्या त्या गल्लीत हे उत्तर सगळ्यांना पाठ होतं. मेडिकलच्या शेवटच्या वर्षाची परीक्षा जवळ आली की नारायणरावांचा भाव असा वधारायचा की विचारू नका. कॉलेजची जीप त्यांना न्यायला थेट दारात यायची. एरवी मान वळवून जाणारी माणसं त्या आठवड्यात आग्रह करकरून चहा पाजायची. कोणाचा भाचा, कोणाचा पुतण्या परीक्षेला बसलेला असायचाच. पण पठ्ठ्यानं आजवर कोणाला एक अक्षर सांगितलं असेल तर शपथ!

सुमनबाईंचा जीव मात्र टांगणीला लागला होता. अंजनी गेल्या वर्षी याच परीक्षेत नापास झाली होती. त्यांच्या समाजातून इथं डॉक्टर होणारी ती पहिलीच मुलगी. तिच्या बापानं, देवीदासनं, सांगून टाकलं होतं, या वेळी राहिली तर पुस्तकं बंद आणि नागपूरचं स्थळ पक्कं.

“आई, तू चल बरं घरी,” मागं उभी असलेली अंजनी म्हणाली आणि स्वतः पुढं आली. “काका, मी उद्याचं नाही विचारत. गेल्या वर्षीचं विचारून राहिली. परीक्षा घ्यायला आलेल्या नागपूरच्या हेमचंद्रसाहेबांनी वाढलेल्या पांथरीसाठी, म्हणजे प्लीहेसाठी, इंग्रजांच्या वेळचा एक शब्द विचारला होता. मी नुसती गप्प. नव्या पुस्तकांत तो कुठंच नाही.”

“एग्यू केक,” नारायणराव चटकन म्हणाले. होऊन गेलेला प्रश्न सांगण्यात कसली आलीय चोरी!

“म्हणजे?”

“एग्यू म्हणजे हुडहुडी भरून येणारा ताप. तो वर्षानुवर्षं अंगात मुरला की पोटात डाव्या बाजूला पांथरी घट्ट होऊन बसते, थापलेल्या वडीसारखी. म्हणून केक.”

“अच्छा! म्हणजे वाढलेल्या पांथरीलाच म्हणायचं?”

“नाही ना बापा! तिथंच तर पोरं पडतात. इथले हिंदी बोलणारे लोक कशानंही फुगली तरी ‘तिल्ली बढ़ गई’ म्हणून मोकळे होतात. पण हा शब्द फक्त तापाच्या पांथरीचा. रक्तातल्या दोषानं वाढली असेल अन् तिला हा शब्द लावला, तर हेमचंद्रसाहेब पुढचा प्रश्नच विचारत नाहीत.”

अंजनी बघतच राहिली. “हे सारं कुठं शिकलात, काका?”

“कुंडमच्या जंगलात. तिथला ताप भल्याभल्यांना शिकवतो.”

सकाळी मालनबाईंनी नवऱ्यापुढं पोह्यांची बशी ठेवली. त्यांनी नुसता चहा घेतला.

“काहून उपाशी जाऊन राहिले? परीक्षा त्या पोरांची, अन् भूक तुमची मेली!”

“पोट जड असलं की काम नीट होत नाही,” नारायणराव म्हणाले आणि जीपमध्ये जाऊन बसले.

हेमचंद्रसाहेबांनी त्यांना पाहिलं तसे ते खुर्चीतून उठलेच. “या, नारायणराव! तुम्ही आलात, आता परीक्षा सुरू करायला हरकत नाही.”

मुलं एकेक करून आली. एकानं पोपटासारखं पाठ म्हणून दाखवलं. दुसऱ्याला असा घाम फुटला की त्याला उजवं-डावं कळेना. नारायणरावांनी मनातल्या मनात दोघांनाही नापास केलं. चेहऱ्यावर मात्र काही दिसू दिलं नाही.

मग अंजनी आली. तिनं उचललेली चिठ्ठी नेमकी नारायणरावांची निघाली. ती जागीच थांबली.

“सर, हे आमचे शेजारी. माझी परीक्षा यांच्याकडे नको. उद्या लोक बोलतील.”

घ्या! आयतं चालून आलेलं पोरगी लाथाडून राहिली होती. नारायणरावांना तिचं भारी कौतुक वाटलं, आणि वाईटही.

“परीक्षेच्या दिवशी नारायणराव कोणाचेच नसतात,” हेमचंद्रसाहेब म्हणाले. “कर सुरू.”

अंजनीनं वेळ घेतला. नारायणरावांनी खोल श्वास घेतला आणि डोळे छताला लावले.

“काय सापडलं?” साहेबांनी विचारलं.

“पांथरी वाढलीय, सर. घट्ट आहे, पण दाबल्यावर दुखत नाही.”

“जुने डॉक्टर हिला काय म्हणाले असते?”

शब्द अगदी ओठावर होता, पण तिनं तो गिळला. “तापाची चौकशी केल्याशिवाय नाही सांगता येणार, सर.”

तिनं चौकशी केली. ताप कधी लागला, हुडहुडी भरायची का, घरात आणखी कोणाला असं आहे का. एकेक उत्तर नीट ऐकून घेतलं आणि मगच मान वर केली.

“एग्यू केक, सर. पण ताप नसता तर हा शब्द मी वापरला नसता.”

हेमचंद्रसाहेब नारायणरावांकडे वळले.

“तुम्ही बोला. पोरगी कशी?”

नारायणरावांनी आजवर कोणासाठी शब्द टाकला नव्हता. आज त्यांना राहवलं नाही.

“डोळे झाकून पास करा, साहेब. इतक्या वर्षांत तळहात चोळून गरम करून मग लावणारी ही पहिलीच,” असं म्हणून त्यांनी उघड्या पोटावर सदरा ओढून घेतला आणि ते खाटेवर उठून बसले.