पाचवा साचा

तिसरी बादली ओतली तेव्हा प्लास्टर लादिगिनच्या खांद्यांपर्यंत आलं. गुडघे पोटाशी घेऊन तो हौदात उताणा पडला होता. अंगात पातळ सुती पोशाख, तोही उलटा घातलेला. शिवणीचा वळ पाठीखाली उठू नये म्हणून. अग्निया पेत्रोव्नाने बादली खाली ठेवली आणि कमरेवर हात टेकून उभी राहिली. सत्तावीस वर्षं ती हेच काम करत होती. हल्ली तिसऱ्या बादलीनंतर थांबावं लागायचं.

"वीस मिनिटं," ती म्हणाली. "डोळा लागला तर लागू द्या. मीही बसते जरा."

"मागच्या वेळीही हेच म्हणाला होतात."

"मागच्या वेळीही तुम्हीच होतात."

सोयुझ अंतराळयानाच्या पोटातली जागा पन्नास वर्षांपूर्वी होती, तेवढीच आजही आहे. तिघं जण गुडघे दुमडून बसतात. परत येताना हवाई छत्री उघडते, अगदी शेवटी खालची छोटी इंजिनं पेटतात, तरी जमिनीचा दणका असा बसतो की पाठ आसनात नीट रुतलेली नसेल तर मणका जायचा. म्हणून प्रत्येकाचं आसन त्याच्याच पाठीच्या साच्यावरून करतात. पुढचा माणूस ऐनवेळी बाद झाला तर त्याच्या जागी जाणाऱ्या राखीव माणसाचंही करतात.

रोदियोन ल्वोविच लादिगिन चौदा वर्षं राखीव होता. चार वेळा त्याचा साचा घेतला, आणि चारही वेळा पुढचा माणूस ठणठणीत राहिला, वर गेला, परतही आला. लादिगिनची आसनं कोठारात पडून राहिली. तो आला की विभागातल्या बायका त्याच्यासाठी कोबीचं सारण भरलेली गरम पिरोगी बाजूला काढून ठेवत आणि काही विचारत नसत. तो आता एकोणपन्नास वर्षांचा होता. ही शेवटची खेप, हे सगळ्यांना ठाऊक होतं.

दार ढकलून विभागप्रमुख ग्लेब आत आला. हातात फोन तसाच होता.

"रोदियोन ल्वोविच, उठू नका, पडूनच ऐका. तुमच्या पुढच्या सुखोरुकोवच्या मूत्रपिंडात खडा निघालाय. वैद्यकीय मंडळाने आज सकाळी त्याला बाजूला केलं. एप्रिलमध्ये तुम्ही जाताय."

लादिगिन छताकडे बघत राहिला.

"ऐकलंत ना?"

"ऐकलं."

ग्लेब हसला. "बघा, माणसाला शब्द फुटत नाहीये. थांबा, वरच्या बायकांना सांगतो. सगळ्या खाली धावतील." तो गेला.

अग्निया पेत्रोव्ना स्टुलावर बसली. तिला बरं वाटलं. "मिळालं एकदाचं," ती म्हणाली.

"दार लागलंय का?"

"लागलंय."

"मला जायचं नाहीये, अग्निया पेत्रोव्ना."

तिला वाटलं, आपण चुकीचं ऐकलं.

"चौदा वर्षं सगळे माझी कीव करत आले," तो हळू आवाजात म्हणाला. "तुम्हीसुद्धा. आणि मी? पुढच्या माणसाचे तपासणीचे कागद चांगले आले की घरी जाऊन गाढ झोपायचो."

"मग सोडलं का नाहीत?"

"सोडायला कारण द्यावं लागतं. भीती वाटते, हे कुणाला सांगू? वडिलांना? मुलीला? आज म्हटलं, उद्या सांगू. लपवून लपवून दमलो मी."

प्लास्टर घट्ट होत होतं, नेहमीसारखं गरम होत होतं. वेळ झाली तशी तिने क्रेनचा पट्टा त्याच्या काखांखालून घेतला आणि बटण दाबलं. तो वर उचलला गेला. मानेपर्यंत पांढरा, टॉवेल गुंडाळून तो खिडकीपाशी जाऊन उभा राहिला. बाहेर फेब्रुवारीचा राखाडी दिवस होता.

अग्निया पेत्रोव्ना दिवा घेऊन हौदावर वाकली. बराच वेळ वाकून राहिली.

"इकडे या," ती म्हणाली.

कंबर, मांड्या, सगळं स्वच्छ उमटलं होतं. पण दोन्ही खांद्यांपाशी प्लास्टरवर बारीक बारीक लहरी होत्या, वाऱ्याने शेतातल्या बर्फावर उठतात तशा.

"मी हललो नाही," लादिगिन म्हणाला.

"तुम्ही नाही हललात. अंग थरथरलं."

"म्हणजे वाया गेला."

"सगळ्यांचा असाच निघतो."

त्याने तिच्याकडे पाहिलं.

"जिन्यात ज्या अंतराळवीरांचे फोटो लावलेत ना, त्यातल्या एकाचाही खांदा गुळगुळीत निघाला नव्हता. हसत हसत हौदात उतरायचे. विनोद सांगायचे. आणि खाली हे असं. कोणी बघायच्या आत मी बुजवून टाकते. ग्लेबला माहीत नाही. त्यांनाही एकमेकांचं माहीत नाही." तिने दिवा खाली ठेवला. "तुमचे चारही साचे मात्र आरशासारखे निघाले. मला वाटायचं, खरा धीराचा हा एकटाच. आणि ह्यालाच जाता येत नाही."

जिन्यावर पावलं वाजू लागली. चार-पाच जणी बोलत, हसत उतरत होत्या.

अग्निया पेत्रोव्नाने वाटीत थोडं ओलं प्लास्टर कालवलं आणि पत्र्याची पट्टी हातात घेतली.

"फोडलं तर सांगेन, माझ्या हातून पातळ झालं होतं. पुन्हा ओतायचं म्हणजे परवा. डॉक्टरांना काय सांगायचं ते तोवर ठरवा. मला वाईट वाटणार नाही, रोदियोन ल्वोविच. खरंच नाही. बोला, फोडू का बुजवू?"

लादिगिनने त्या लहरींवरून बोट फिरवलं. एकदा, मग पुन्हा एकदा. बाहेर कोणीतरी दाराच्या कडीला हात घातला.

"बुजवा," तो म्हणाला. "मी दार धरून ठेवतो."