उशिरा पोचण्याचा शॉट

“आई, पुन्हा लवकर आलीस!” दिग्दर्शिका वैतागून म्हणाली.

हातात बाजाराची पिशवी घेतलेली आई उघड्या दारात धापा टाकत उभी होती. आत खाटेवर पडलेला नट उठून बसला. सकाळपासून आईने त्याला कितीदा तरी वाचवलं होतं आणि वाचून वाचून तो बिचारा कंटाळला होता.

फिल्म दिग्दर्शिकेच्या धाकट्या भावावर होती. तो चित्रकार. डोकं फिरलं की दिवसरात्र भिंती रंगवत सुटायचा, मग स्वतःलाच बोचकारायचा. आईने त्याला वर्षानुवर्षं डोळ्यांत तेल घालून जपलं. एकदाच बाजारात गेली आणि रिकाम्या घरात त्याने जीव दिला. तेव्हापासून आईला अन्न गोड लागत नव्हतं. हा प्रसंग तिने एकदा स्वतः करून पाहिला तर मनावरचा दगड उतरेल, या एका आशेवर मुलीने सगळा घाट घातला होता.

फिल्ममध्ये संवाद नव्हते, संगीत नव्हतं. शेवटी नुसतं बंद दार, दारामागची शांतता आणि उशिरा पोचलेली आई.

“काकूंना नाही जमायचं,” कॅमेरामन हळूच म्हणाला. “आईचं काळीज आहे. दुसरं कोणीतरी उभं करू.”

“नको,” आई म्हणाली. “मीच करते.”

मुलीने तिचा पदर सारखा केला. “तुझी काही चूक नव्हती गं. तू घरात नव्हतीस, एवढंच दाखवायचंय. मी हात वर केला की मगच दार उघड.”

कॅमेरा सुरू झाला. आई जिना चढून आली. आवाज न करता तिने पिशवी खाली ठेवली. कडीवर हात ठेवला आणि तशीच उभी राहिली. मुलीने हात वर केला, तरी ती हलली नाही. तिने दाराला कान लावला. बऱ्याच वेळाने डोळे पुसले, पिशवी उचलली आणि दार उघडलं.

कॅमेरामनने कॅमेरा बंद केला. मुलीने रडतच तिला मिठी मारली. “आई, अगदी खरं केलंस!”

“हो,” आई म्हणाली. “पण त्या नटाला सांग, असं गप्प पडून नाही राहायचं. आधी ‘आई’ म्हणून दोन हाका मारायच्या. दुसरी जरा हळू.”