अर्ध्या क्षणाचा उशीर

“खेळ पूर्ण पडद्यावरच लावायचा. बॉर्डरलेस लावणारा अर्धा क्षण मागे राहतो, आणि आपल्या खेळात अर्ध्या क्षणात माणूस मरतो.”

प्रशिक्षकांचा हा आवाज सोकजूच्या डोक्यात कायमचा बसला होता. म्हणून संघातल्या हारिमच्या संगणकाची सेटिंग उघडताच त्याच्या मस्तकात तिडीक गेली. बॉर्डरलेस! दिसायला खेळ सगळा पडदा व्यापतो, पण संगणकाच्या लेखी ती एक बिनचौकटीची खिडकीच. तिच्यावर आणखी एखादी खिडकी ठेवता येते, आणि त्या सोयीपायी खेळ किंचित रेंगाळतो.

म्हणजे महिनोन् महिने ही पोरगी उशिरा वळत होती ती यामुळे! ‘मागे ये’ म्हटलं की क्षणभराने मागे येणार. सगळे हसून झाले की मग हसणार. बुसानच्या त्या पीसीबांगमध्ये, तासाच्या भाड्याने संगणकावर खेळायच्या त्या कॅफेत, रविवारची दुपार गजबजली होती. आज जिंकले तर संघ शहराच्या अंतिम फेरीत जाणार होता. हारिम काउंटरवर रामयन नूडल्सचा वाडगा आणायला गेली होती. सोकजू कप्तान होता. त्याने कुणाला न विचारता तिचा खेळ पूर्ण पडद्यावर लावला आणि तो आपल्या खुर्चीवर जाऊन बसला.

सामन्याचा पहिला डाव सुरू झाला. हारिमने एकदा मान वळवून त्याच्याकडे पाहिलं. सेटिंग बदलल्याचं तिला कळलं होतं, पण डाव चालू असताना ती पुन्हा बदलता येत नाही. सोकजूला वाटलं, आभार मानतेय.

“हारिम, मागे ये!”

ती पुढे गेली.

“मागे ये म्हटलं ना! डावीकडून तिघं येतायत!”

ती डावीकडेच वळली आणि मेली. पुढच्या चढाईतही तेच. बाकीचे तिघंही माइकमध्ये ओरडत होते, एकाचंही तोंड मिटत नव्हतं. आधी निदान उशिरा तरी ऐकायची, आज अजिबात ऐकत नव्हती. डाव बघता बघता हातचा गेला.

सोकजूने हेडफोन भिरकावला आणि तो तिच्या खुर्चीपाशी आला.

“कानात भात कोंबलायस का? की मुद्दाम करतेस? इतक्यांदा सांगितलं, इतक्यांदा! बहिरी आहेस का तू?”

शेजारच्या रांगेतल्या माना वर झाल्या. हारिम पडद्याकडेच बघत होती. तिचा हेडफोन टेबलावर पडला होता, रामयन तसंच निवलं होतं. बाकीचे तिघं शिव्या घालत बाहेर जिन्यात गेले.

“ऊठ. पुढचा डाव मुग्योल खेळेल. आणि उद्यापासून यायची गरज नाही.”

ती उठली नाही. त्या बघण्याने तो आणखीच भडकला. बदली खेळाडूला बसवायचं म्हणून त्याने स्वतःच वाकून तिचा माउस ओढला आणि खेळ बंद केला.

खेळाखाली एक पांढरी पट्टी होती. तिच्यावर अक्षरं होती.

‘मागे ये म्हटलं ना. डावीकडून तिघं येतायत.’

‘कानात भात कोंबलायस का.’

‘बहिरी आहेस का तू.’

‘ऊठ. पुढचा डाव मुग्योल खेळेल.’

“हे काय...” तो म्हणाला.

‘हे काय,’ पट्टीवर उमटलं.

तो गप्प झाला. पट्टीही थांबली. टेबलावरच्या हेडफोनचा माइक तेवढा त्याच्याकडे वळलेला होता. सोकजूने अगदी हळू हाक मारली, “हारिम.”

अक्षरं उमटली. हारिमने ती वाचली, आणि मग मान वर केली. मधला तो उशीर त्याने ओळखला. इतके महिने ज्याच्यावर तो ओरडत आला होता, तोच तो अर्धा क्षण.

“कधीपासून?”

तिने वाचलं. “थंडीत ताप आला होता ना, तेव्हापासून. आवाज येतो दादा, शब्द येत नाहीत. बॉर्डरलेसमध्ये ही पट्टी खेळाच्या वर राहते. पूर्ण पडद्यात खाली जाते.”

“मग बोलली का नाहीस? तोंड तर आहे ना तुला?” राग गेला नव्हता. कुठे जाऊन आदळावं एवढंच त्याला कळत नव्हतं. तिला त्याने आजवर काय काय म्हटलं होतं, आणि कानावर पडून विरून जावं तसं ते विरलंही नव्हतं. प्रत्येक शब्द तिने वाचला होता.

“बोलले असते तर संघात ठेवलं असतंस? खरं सांग.”

त्याने पट्टीकडे पाहिलं. तिथे काय उमटणार ते फक्त त्याच्या हातात होतं.

“नसतं ठेवलं.”

हारिमने मान डोलावली. तिचे डोळे भरले, पण आवाज शांत होता. “मला पुढचा डाव खेळायचाय. दया नको. ओरडा माझ्यावर, हवं तेवढं ओरडा. पण तुम्ही चौघं एकदम ओरडता तेव्हा शब्दांवर शब्द चढतात, मला काही वाचता येत नाही. एका वेळी एकानंच ओरडायचं. एवढं वचन दे. त्याचं कारण मीच सांगेन सगळ्यांना, सामना झाल्यावर.”

“दिलं.”

‘दिलं,’ पट्टीवर उमटलं.

त्याने सेटिंग पुन्हा होती तशी केली. मुग्योल हेडफोन घेऊन आला होता, त्याला हातानेच परत बसायला सांगितलं. मग तो काचेचं दार लोटून जिन्यात गेला.

तिथे तिघंही एकाच वेळी भांडत होते. त्याला पाहताच ते त्याच्यावरच तुटून पडले. सोकजूने तोंड उघडलं, मिटलं, आणि भिंतीला टेकून आपली पाळी येण्याची वाट बघत उभा राहिला.