दवाचा आहेर

नेमेसिओ मोजणीचा दोर घेऊन आला, तेव्हा सकाळचं ऊन टेकडीवरून खाली उतरलं होतं. अल्काल्दे, म्हणजे गावचे न्यायाधीश, कागद मांडीवर घेऊन खोळंबले होते. सरकारनं दिलेल्या जमिनीचा ताबा मालकाला द्यायचं काम त्यांचं, आणि ते उजाडता उजाडता उरकायचं असतं हे त्या किनाऱ्यावर शेंबड्या पोरालाही माहीत होतं.

कारण दोर कच्च्या कातड्याचा. रात्रभर गवतात पडला की दव पिऊन लांबतो, वाळला की आखडतो. पहाटे ओल्या दोरानं मोजलं की नव्या मालकाच्या पदरात थोडी जास्त जमीन पडते. याला कुणी लबाडी म्हणत नसे. दवाचा आहेर म्हणत.

नेमेसिओनं तो दोर रात्रभर चुलीपाशी ठेवला होता.

जमीन मिळाली होती धाकट्या भावाला, क्रिसांतोला. पाच वर्षं दोघांनी मिळून तिथं गुरं राखली. अस्वलं मारली नेमेसिओनं, रानटी घोडे वठणीवर आणले नेमेसिओनं. पण सही करता येत होती ती धाकट्याला. म्हणून अर्ज त्याच्या नावानं गेला आणि गव्हर्नरचा कागदही त्याच्याच नावानं आला. तेव्हापासून लोक त्याला मानानं डॉन क्रिसांतो म्हणू लागले. थोरला आपला नुसता नेमेसिओच राहिला. घर एक, चूल एक, धाकटा पूर्वीसारखाच दादा दादा करायचा. तरी तो ‘डॉन’ कानावर पडला की नेमेसिओच्या पोटात दुखायचं.

“उशीर केलास, दादा,” क्रिसांतो म्हणाला.

डोळा लागला, असं नेमेसिओनं सांगून टाकलं.

मोजणी सुरू झाली. दोराच्या दोन्ही टोकांना काठ्या बांधलेल्या. एका स्वारानं काठी रोवून थांबायचं, दुसऱ्यानं दोर ताणेपर्यंत पुढं दौडायचं. एका टोकाला नेमेसिओ, दुसऱ्या टोकाला एक गुराखी होता. दोर कडक आहे हे त्याला कळलं असेलही, पण घरच्या माणसानं आणलेला दोर, तो काय बोलणार? समुद्राच्या कड्यापासून आत शंभर दोर. तिथं क्रिसांतोची हद्द संपायची आणि शेजारी डॉन अनाक्लेतोची सुरू व्हायची. अनाक्लेतो साक्षीला बरोबरच होते.

शंभरावी काठी नेमेसिओनंच रोवली. मान वर केली, तर झऱ्याकाठची झाडं अजून शंभर पावलं पुढं होती.

झरा बाहेर राहिला होता. सगळ्या गुरांचं पाणी तेवढंच. नेमेसिओला धाकट्याचं नाक जरा खाली करायचं होतं, एवढंच. झरा त्याच्या मनातही नव्हता. मत्सराला अंतराचा अंदाज नसतो.

“म्हणजे झरा माझ्याकडे,” अनाक्लेतो म्हणाले. त्यांना तो सोडवत नव्हता, आणि का सोडावा?

अल्काल्देंनी दौत उघडली, पण लेखणी बुडवली नाही. डॉन क्रिसांतोंची हरकत असेल तर सहीआधीच सांगावी, म्हणाले, उद्या पहाटे पुन्हा मोजू. नेमेसिओनं धाकट्याच्या तोंडाकडं पाहिलं. त्यानं हरकत घ्यावी, असं त्याला मनापासून वाटलं.

“कशाला?” क्रिसांतो म्हणाला. “दादानं मोजलंय.”

त्यानं सही केली. मग रीतीप्रमाणं गवत उपटलं, फांदी मोडली, मूठ मूठ माती चारी दिशांना उधळली. जमीन त्याची झाली. लोकांनी टोप्या काढल्या.

नेमेसिओ घोड्यावरून उतरला. खोगिराला बांधलेली पाण्याची कातडी पिशवी त्यानं सोडली आणि दोरावर उपडी केली. कुणाला काही कळेना. काठीसारखा कडक दोर त्याच्या हातात हळूहळू मऊ पडत गेला, लांबत गेला.

क्रिसांतो जवळ आला. दोराचा कोरडा भाग त्यानं चिमटीत धरला, मग ओला. मग त्यानं भावाच्या हातातली पिशवी काढून घेतली आणि तिचं तोंड घट्ट बांधलं.

“पाणी सांडू नकोस, नेमेसिओ,” तो म्हणाला. “आजपासून ते मोजून वापरायचंय.”