मडक्यातला गोळा

सत्तावनच्या उन्हाळ्यात कारागिरांची गावं पाहायला निघालेली शिक्षकांची मोटर अंजनगावच्या पुढे एका कुंभारवाड्यात थांबली. गावं दाखवणारे जानराव म्हणाले, "मडकं बाहेरून थापीनं ठोकतात, तेव्हा दुसऱ्या हातानं आतून दगडी गोळा धरावा लागते. नाई तं ओली माती फाटते."

म्हातारे नत्थुजी कुंभार ठोकत बसले होते. त्यांना डावा हातच नव्हता, आणि त्यांच्यासाठी गोळा धरणारी बायको मनकर्णाही वर्षापूर्वी वारली होती. तरी थापीच्या प्रत्येक ठोक्याला आतून गोळा वाजत होता, आणि मडकं छान गोल होत चाललं होतं.

"किसनराव, पाहा ना हात घालून! का भेव लागून राहिलं?" सोबतचे खिदळले.

किसनराव चित्रकलेचे मास्तर. सारी पत त्यांच्या उजव्या हाताची. चिडून त्यांनी तोच आत घातला.

आत कोणीतरी त्यांच्या तळव्यावर गार गोळा ठेवला आणि बारीक बोटांनी त्यांची मूठ मिटवली.

मोटरीचा भोंगा वाजला. मास्तर ओरडले, "थांबा नत्थुजी! माहा हात निंगून नाई राहिला!"

नत्थुजींची थापी थांबली नाही. मडक्यात वाकून ते मायेनं म्हणाले, "निंग आता, मनकर्णे. लय थकली होती तू."