बाबांच्या मापाची बीन बॅग

भोरच्या वाचनालयातून त्र्यंबकचं, माझ्या शाळासोबत्याचं, पत्र येऊन चार महिने झाले होते. "जुन्या पुस्तकांची यादी करायची आहे. राहायला खोली देतो. येतोस का?" सत्तरीत हे आपल्याला झेपेल का, या विचारात मी उत्तरच दिलं नव्हतं.

नव्या दिवाणखान्यात माझी खुर्ची शोभत नाही, म्हणून मुलगा आणि सून मला बीन बॅग घ्यायला घेऊन गेले.

"काकांची उंची, वजन?" विक्रेत्यानं मला सोडून मुलाला विचारलं.

"साडेपाच फूट. वजन पन्नास, तेही चष्म्यासकट."

"तरी सगळ्यात मोठीच घ्या. लहान घेतली की मोठी माणसं घसरून खाली येतात."

"पण मोठीतून त्यांना उठता येईल ना?"

"बाबांना उठून जायचंय कुठे?" सून म्हणाली.

मला बसवण्यात आलं. गुडघे हनुवटीशी आले आणि मी आत आत जात राहिलो. उठायची धडपड केली, तशी पिशवी आणखी खचली.

"बघा, कसे मस्त रुळले," विक्रेता म्हणाला. मुलानं फोटो काढला.

शेवटी मी एका कुशीवर कललो, जमिनीवर आलो आणि रांगत जाऊन उभा राहिलो. कोणी हसलं नाही. तोवर ते रंग निवडायला लागले होते.

"मला ही नको," मी म्हणालो. आवाज इतका बारीक निघाला की पुन्हा म्हणावं लागलं.

समोरच पोस्ट होतं. कार्डावर 'येतो' एवढंच लिहिलं, दोनदा तपासलं आणि पेटीत टाकलं.